मैदान सगळ्यांचं: एलजीबीटी खेळाडूंविषयी नाशिकमध्ये वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे प्रश्न विचारतं कोण?

पालक विचारतात, शाळेतले पीटीचे शिक्षक विचारतात, ॲकॅडमी चालवणारे विचारतात. सगळ्यात जास्त विचारतात ती रात्री उशिरा मेसेज करणारी मुलंमुली. मी पंचवटीत धावणं आणि खो-खो शिकवते. विभागीय क्रीडा संकुल असो, गोल्फ क्लबचं मैदान असो की शिवाजी स्टेडियम, सराव संपल्यावर बाजूला घेऊन जे विचारलं जातं ते इथे उतरवलं आहे. जिथे नियम किंवा कायदा आहे तिथे तो सांगितला आहे. बाकी मत माझं आहे.

एलजीबीटी म्हणजे नेमकं कोण?

लेस्बियन (मुली आवडणारी मुलगी), गे (मुलं आवडणारा मुलगा) आणि बायसेक्शुअल (दोन्ही आवडणारे) हे तीन शब्द कोणाला कोण आवडतं याविषयी आहेत. ट्रान्स म्हणजे जन्मदाखल्यावर एक लिंग लिहिलेलं असतं, पण माणसाची स्वतःची ओळख वेगळी असते. इंटरसेक्स व्यक्तींमध्ये गुणसूत्रं, संप्रेरकं किंवा शरीराची रचना जन्मतःच नेहमीच्या स्त्री-पुरुष साच्याहून वेगळी असते आणि पुष्कळदा त्यांना स्वतःलाही ते ठाऊक नसतं.

आवड, ओळख आणि शरीर या तिन्ही गोष्टींची खेळात सर्रास गल्लत होते. गे मुलगा मुलांच्याच संघात खेळतो, लेस्बियन मुलगी मुलींच्याच. त्यांच्याबाबत गटाचा प्रश्न कधी येतच नाही. तरीही चर्चा सुरू झाली की लोक थेट ऑलिंपिकमधल्या चाचण्यांवर पोचतात आणि आपल्या मैदानावर रोज काय चाललंय ते बोलायचं राहून जातं.

आपल्याकडे अशी मुलं असतात का?

असतात. प्रत्येक बॅचमध्ये कोण आहे ते मला माहीत नसतं, माहीत असायची गरजही नाही. कोणी आहे असं धरूनच बोलायचं, वागायचं.

मग ती दिसत का नाहीत?

कारण बरीचशी गप्प राहतात आणि काही मैदान सोडतात. सोडताना खरं कारण सांगत नाहीत. "क्लास आहे", "पाय दुखतो", "घरचे नाही म्हणतात" एवढंच कानावर येतं. खरं कारण बहुतेक वेळा छोट्या-छोट्या गोष्टींत असतं. वॉर्मअपच्या वेळी जोड्या लावताना त्याच्याबरोबर कोणी उभं राहत नाही. स्पर्धेला निघालेल्या गाडीत शेजारची सीट रिकामी राहते. ग्रुपवर त्याच्या चालण्याचा व्हिडिओ फिरतो आणि खाली हसण्याचे इमोजी पडतात. यातलं एकेक सांगायला गेलं तर "एवढंच ना?" असं ऐकावं लागतं, म्हणून मूल सांगतच नाही.

मैदान सुटल्याचं नुकसान फक्त मेडलपुरतं नसतं. शालेय स्पर्धा 14, 17 आणि 19 वर्षांखालच्या गटांत तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशा पायऱ्यांनी होतात. त्यावर दहावी-बारावीचे वाढीव गुण अवलंबून असतात. पुढे सरकारी नोकरीत खेळाडूंसाठी 5 टक्के आरक्षण आहे. पेठ, सुरगाणा, हरसूलकडून येणाऱ्या मुलांसाठी हा घर वर काढायचा रस्ता आहे. सावरपाड्याच्या कविता राऊतने 2010 च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेत 10,000 मीटरमध्ये कांस्य जिंकलं, तेव्हापासून त्या पट्ट्यातल्या कितीतरी घरांनी मुलींना बूट घेऊन दिले. तो रस्ता एखाद्या मुलासाठी टोमण्यांनी बंद होत असेल तर त्याला खेळाडूवृत्ती कशी म्हणायची?

"बायल्या", "बांगड्या भर" हे तर मैदानावर चालतंच. त्यात एवढं मनावर काय घ्यायचं?

चालतं ते आपण चालू देतो म्हणून. एखादा रेडर चढाईत घाबरला की त्याला बाई ठरवायचं, हे आपण पिढ्यान्‌पिढ्या ऐकत आलो. यात दोघांचा अपमान होतो. मुलींचा होतो, आणि ज्या मुलाचा आवाज बारीक आहे, हातवारे मऊ आहेत त्याचाही. तो गे असेलच असं नाही, पण जो आहे तो कोपऱ्यात उभा राहून ऐकत असतो आणि इथे कोणाला काही सांगायचं नाही हे त्याच वेळी मनाशी ठरवतो.

माझ्या मैदानावर नियम साधा आहे. चूक झाली तर चुकीचं नाव घ्यायचं: "पाय उशिरा उचललास", "खुंट सोडून लांब गेलास". माणसाच्या जातीवर, रंगावर, चालण्यावर, बाईपणावर शब्द आला की सराव थांबतो. शिट्टी मारून सगळ्यांसमोर थांबवते, कारण बोललेलंही सगळ्यांसमोर असतं.

माझ्या खेळाडूने मला सांगितलं की तो गे आहे. मी काय करू?

आधी ऐका. "सांगितलंस ते बरं केलंस. उद्या सरावाला ये" एवढं म्हटलं तरी पुरे. या दोन वाक्यांचा अर्थ त्या मुलासाठी फार मोठा असतो, कारण तो घरून निघताना "उद्यापासून येऊ नको" हे ऐकायची तयारी करून निघालेला असतो.

मग त्याला विचारा की आणखी कोणाला माहीत आहे आणि कोणाला कळू नये. त्याने आईला सांगितलं नसेल तर तुम्ही सांगू नका. मुख्याध्यापकांना नको, सहकारी प्रशिक्षकाला नको, "काळजीपोटी" तर अजिबात नको. आपल्याकडे घरी कळल्यावर मुलांचा खेळ बंद होतो, मोबाइल काढून घेतात, मुलींची लग्नं उरकतात. घरची परिस्थिती त्याला तुमच्यापेक्षा चांगली माहीत आहे.

एक गोष्ट मात्र वेगळी ठेवा. 18 वर्षांखालच्या मुलाने किंवा मुलीने लैंगिक अत्याचार झाल्याचं सांगितलं तर ती गुपित ठेवायची बाब नाही. 2012 च्या पोक्सो कायद्याप्रमाणे पोलिसांना कळवणं बंधनकारक आहे आणि न कळवणं हा गुन्हा आहे. मूल गे आहे हे कळवायचं नसतं, अत्याचार कळवायचा असतो. या दोन गोष्टींची सरमिसळ झाली की मुलं दोन्ही सांगायची थांबतात.

मुलीला खेळायला पाठवलं, केस कापले, हाफ पँट घातली, म्हणून ती "अशी" झाली का?

नाही. खेळामुळे कोणी लेस्बियन होत नाही आणि खेळ बंद केल्याने कोणाचं आकर्षण बदलत नाही. जागतिक आरोग्य संघटनेने समलैंगिकता आजारांच्या यादीतून 1990 मध्येच काढली. ती "बरी" करून देण्याचे उपचार हे डॉक्टरांसाठी व्यावसायिक गैरवर्तन असल्याचं राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने 2022 मध्ये स्पष्ट केलं आहे. तेव्हा असे उपचार विकणारा कोणी भेटला, मग तो डॉक्टर असो की बाबा, तर पैसे आणि पोरगी दोन्ही घेऊन घरी या.

पालकांना मी आणखी एक सांगते. मुलीने तुम्हाला सांगितलं असेल तर तिचा तुमच्यावर विश्वास आहे. त्या रात्री जे बोलाल ते ती जन्मभर लक्षात ठेवेल. काही सुचत नसेल तर "जेवलीस का?" विचारा. बाकीचं उद्या बोलता येतं.

कपडे बदलणं, मुक्काम, स्वच्छतागृह यांचं काय?

माझ्या दृष्टीने खरा प्रश्न हाच आहे, म्हणून जरा सविस्तर सांगते.

बाहेरगावी स्पर्धेला संघ उतरतो तेव्हा मुक्काम बहुधा एखाद्या शाळेच्या वर्गात असतो. बाक भिंतीला लावलेले, खाली सतरंज्या, ओळीने पंधरा अंथरुणं, खिडकीच्या गजांना वाळत घातलेले मोजे. सकाळी साडेपाचला एका बाथरूमसमोर रांग आणि बाकीच्यांचं कपडे बदलणं तिथेच वर्गात, एकमेकांसमोर. एका मुलीला मी पाहिलं, ती सगळ्यांच्या आधी चारला उठून अंधारात किट चढवून बसायची. दिवसभर पाणीही बेताचंच प्यायची, म्हणजे जावं लागू नये. दुपारच्या सामन्यात तिच्या पोटरीत गोळे आले आणि सगळे म्हणाले, फिटनेस कमी आहे. फिटनेस उत्तम होता. तिला आडोसा हवा होता.

उपाय महाग नाहीत. वर्गाच्या एका कोपऱ्यात दोरी बांधून चादर टाका. आत एका वेळी एकानेच जायचं, सगळ्यांनीच. "अमक्यासाठी वेगळी सोय" अशी पाटी लावली की अर्धं गाव त्याच्याकडे बोट दाखवतं. सोय सगळ्यांची केली की कोणी विचारत नाही. पाळी असलेल्या मुलीला, अंगावर डाग असलेल्या मुलाला, जाड असल्याने लाजणाऱ्याला, सगळ्यांना ती चादर उपयोगी पडते. मैदानावर एक तरी स्वच्छतागृह आतून कडी लागणारं आणि कोणालाही वापरता येईल असं असावं. अंथरुणाची जागा मुलांना निवडू द्या, पण कोणी एकटं पडत नाही ना याकडे लक्ष ठेवा. आणि संघातल्या मोठ्या खेळाडूवर नव्याची जबाबदारी द्या. जर्सी क्रमांक सातची ताई जिला "माझ्या शेजारी झोप" म्हणते, तिला कोणी त्रास देत नाही.

समोरच्या संघातली मुलगी मुलासारखी दिसते. चाचणीची मागणी करायची का?

नाही. उंची, आवाज, ओठावरची लव, छोटे केस यांवरून शाळकरी मुलीला पंचांसमोर उभं करणं हा छळ आहे. जन्मतारखेची शंका असेल तर कागद मागा. शरीराची शंका असेल तर गप्प बसा.

हे इतकं ठासून सांगते, कारण आपल्या देशाने या बाबतीत आपल्याच मुलींचं काय केलं ते पाहिलं आहे. तमिळनाडूच्या शांती सौंदराजनने 2006 च्या दोहा आशियाई स्पर्धेत 800 मीटरमध्ये रौप्य जिंकलं. लिंगचाचणीनंतर ते काढून घेतलं गेलं आणि ही बातमी सगळ्या देशाने टीव्हीवर पाहिली. वीटभट्टीवर राबणाऱ्या आई-बापांची ती मुलगी पुढे पुन्हा वीटभट्टीवर काम करताना दिसली. त्याच दोहात 4 बाय 400 रिलेचं सुवर्ण मिळवणाऱ्या पिंकी प्रामाणिकला 2012 मध्ये बलात्काराच्या आरोपावरून अटक झाली, तपासणीचे प्रकार चव्हाट्यावर आले. 2014 मध्ये कलकत्ता उच्च न्यायालयाने तिला आरोपांतून मोकळं केलं. ओडिशाच्या द्युती चंदला 2014 मध्ये ग्लासगो राष्ट्रकुलच्या तोंडावर संघातून काढलं, कारण तिच्या शरीरात टेस्टोस्टेरॉन हे पुरुषी संप्रेरक नैसर्गिकरीत्या जास्त होतं. ती आंतरराष्ट्रीय क्रीडा लवादात गेली. 2015 मध्ये लवादाने टेस्टोस्टेरॉनच्या मर्यादेचा तो नियमच स्थगित केला आणि 2018 मध्ये जकार्ता आशियाई स्पर्धेत तिने 100 आणि 200 मीटरमध्ये दोन रौप्यपदकं आणली.

हे सगळं लांबचं वाटत असेल तर आपल्या जिल्ह्यातलंच ऐका. 2018 च्या नाशिक ग्रामीण पोलीस भरतीत एका मुलीची निवड झाली. वैद्यकीय तपासणीत तिची गुणसूत्रं पुरुषांसारखी आहेत असं निघालं आणि तिची नेमणूक अडली. ती जन्मापासून मुलगी म्हणून वाढलेली, शिकलेली, धावलेली. तपासणीआधी हे तिला स्वतःला माहीत नव्हतं. 2022 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तिच्याकडे सहानुभूतीने पाहायला सांगितलं आणि राज्य सरकारने शिपाईपदाऐवजी पोलीस खात्यातलं दुसरं पद देण्याची तयारी दाखवली. मैदान मारून आलेल्या मुलीला चार वर्षं कोर्टकचेरी करावी लागली.

पॅरिस ऑलिंपिकमधली इमान खलिफ ट्रान्स होती ना?

नाही. अल्जीरियाच्या या बॉक्सरची जन्माला मुलगी म्हणून नोंद आहे आणि ती मुलगी म्हणूनच वाढली. 2024 मध्ये तिने 66 किलो गटात सुवर्ण जिंकलं. तिच्या पात्रतेविषयी वाद झाला, पण तिला ट्रान्स म्हणणं चुकीचं आहे. व्हॉट्सॲपवर आलेलं पुढे ढकलण्याआधी एवढं तरी पाहा.

ट्रान्स खेळाडूंनी कोणत्या गटात खेळायचं?

वरच्या पातळीवर हे त्या-त्या खेळाची जागतिक संघटना ठरवते आणि गेल्या काही वर्षांत नियम कडक होत गेले आहेत. वर्ल्ड ॲथलेटिक्स या धावण्याच्या आणि मैदानी खेळांच्या जागतिक संघटनेने मार्च 2023 मध्ये ठरवलं की मुलगा म्हणून वयात आलेल्या ट्रान्स स्त्रियांना जागतिक क्रमवारीच्या स्पर्धांत महिला गटात धावता येणार नाही. सप्टेंबर 2025 पासून त्याच स्पर्धांत महिला गटातल्या प्रत्येक खेळाडूसाठी एसआरवाय जनुकाची (हे सहसा पुरुषांच्या वाय गुणसूत्रावर असतं) एकदा करायची चाचणी लागू झाली. आयसीसीने नोव्हेंबर 2023 मध्ये आंतरराष्ट्रीय महिला क्रिकेटसाठी असाच निर्णय घेतला. मराठी माणसांच्या ओळखीचं उदाहरण म्हणजे अनाया बांगर, माजी कसोटीपटू संजय बांगर यांची मुलगी. क्रिकेट खेळतच ती मोठी झाली. संप्रेरक उपचार घेतल्यावर आपल्याला खेळ सोडावा लागतो आहे, हे तिने 2024 च्या अखेरीस जाहीरपणे सांगितलं.

ट्रान्स पुरुषांसाठी एक व्यावहारिक सूचना: टेस्टोस्टेरॉन उत्तेजकांच्या यादीत आहे. उपचार चालू असतील आणि अधिकृत स्पर्धेत उतरायचं असेल तर आधी वैद्यकीय सूट मिळवावी लागते. जिममध्ये कोणी दिलेलं इंजेक्शन घेऊ नका. उपचार डॉक्टरांच्या देखरेखीखालीच घ्या.

पण मुलींवर अन्याय नको, हे म्हणणं चूक आहे का?

चूक नाही. मी मुलींनाच शिकवते, त्यांच्या गटासाठी भांडले आहे. वयात आल्यावर टेस्टोस्टेरॉनमुळे उंची, हाडं, स्नायू, हिमोग्लोबिन यांत फरक पडतो आणि म्हणूनच महिला गट वेगळा ठेवावा लागतो. वरच्या पातळीवर रेषा कुठे आखायची यावर शास्त्रज्ञांमध्येही एकमत नाही. तो वाद प्रामाणिकपणे व्हावा.

माझं म्हणणं एवढंच की तो वाद जागतिक क्रमवारीत धावणाऱ्या मूठभर खेळाडूंचा आहे. कृषिनगरच्या जॉगिंग ट्रॅकवर सकाळी चालायला येणाऱ्या ट्रान्स बाईला तो लागू नाही. सोसायटीच्या बॅडमिंटनला लागू नाही, रविवारच्या मित्रमंडळींच्या क्रिकेटला नाही, दहा वर्षांच्या मुलांच्या लंगडीला तर नाहीच. ऑलिंपिकचा नियम दाखवून कोणाला बागेतून हाकलू नका.

उघडपणे सांगितलेले मोठे खेळाडू आहेत का?

आहेत. मुंबई इंडियन्सच्या महिला संघाने 2023 आणि 2025 मध्ये डब्ल्यूपीएल म्हणजे महिला प्रीमियर लीग जिंकली. त्यातली नॅट सिव्हर-ब्रंट आपल्या पोरींना तोंडपाठ आहे. 2023 च्या अंतिम सामन्यात ब्रेबॉर्नवर तीच नाबाद राहिली होती. ती आणि इंग्लंडची वेगवान गोलंदाज कॅथरीन ब्रंट यांनी 2022 मध्ये लग्न केलं. दक्षिण आफ्रिकेच्या मारिझान कॅप आणि डेन व्हॅन निकेर्क याही पती-पत्नीसारख्याच कायदेशीर जोडीदार आहेत. पुरुष क्रिकेटमध्ये इंग्लंडचा यष्टिरक्षक स्टीव्हन डेव्हिस 2011 मध्ये आपण गे असल्याचं बोलला. टोकियोत डायव्हिंगचं सुवर्ण घेणारा टॉम डेली जगभर ओळखला जातो.

आपल्याकडे 2019 मध्ये द्युती चंदने आपलं एका मुलीवर प्रेम असल्याचं सांगितलं. घरातून, गावातून विरोध झाला तरी ती मागे हटली नाही आणि दोनच महिन्यांत नापोलीत जागतिक विद्यापीठ स्पर्धेत 100 मीटरचं सुवर्ण जिंकलं. पुढे 2023 मध्ये उत्तेजकांच्या प्रकरणात तिच्यावर बंदी आली. त्याचा या गोष्टीशी संबंध नाही. इम्फाळमध्ये 2020 मध्ये ट्रान्स खेळाडूंचा फुटबॉल संघ उभा राहिला. महाराष्ट्रात असा संघ झाला तर मी गाडी करून बघायला जाईन.

कायदा आमच्या बाजूने आहे का?

बराचसा. समलैंगिक संबंध हा गुन्हा नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 6 सप्टेंबर 2018 रोजी सांगितलं. ट्रान्स व्यक्तींशी शिक्षण, नोकरी, सार्वजनिक सेवा यांत भेदभाव करता येत नाही, असं 2019 चा कायदा म्हणतो. ओळखपत्राच्या प्रक्रियेचे नियम बदलत राहतात, म्हणून अर्जाआधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे ताजी माहिती घ्या.

अनेक प्रशिक्षकांना माहीत नसलेली एक गोष्ट. कामाच्या ठिकाणी महिलांच्या लैंगिक छळाविरुद्धचा 2013 चा कायदा क्रीडा संस्था, स्टेडियम, क्रीडा संकुल आणि स्पर्धेची जागा यांनाही लागू आहे. "तुला मुली आवडतात ना, मी सुधारतो तुला" असं म्हणणाऱ्या प्रशिक्षकाविरुद्ध खेळाडू महिलेला तक्रार करता येते. संस्थेत अंतर्गत समिती नसेल तर जिल्ह्याची स्थानिक समिती असते.

पोलीस भरतीची तयारी करतोय. ट्रान्स उमेदवारांना संधी आहे का?

आहे. डिसेंबर 2022 मध्ये उच्च न्यायालयाने खडसावल्यावर राज्य सरकारने शिपाई भरतीच्या अर्जात तृतीयपंथी उमेदवारांसाठी पर्याय दिला. मैदानी चाचणीचे निकष त्या-त्या वर्षीच्या जाहिरातीत नीट वाचा आणि कागदपत्रांवरची नावं आधीच जुळवून ठेवा. मैदान निघतं आणि कागदावर अडतं, असं होऊ देऊ नका.

कोणीतरी फोटो, चॅट व्हायरल करण्याची धमकी देतंय.

पैसे देऊ नका, चॅट पुसू नका, स्क्रीनशॉट ठेवा. सायबर पोलिसांकडे तक्रार करा, एकट्याने न जाता विश्वासातलं माणूस बरोबर घ्या. धमकी देणारा गुन्हेगार आहे, तुम्ही नाही.

आमच्या रनिंग ग्रुपने सुरुवात कुठून करावी?

नोंदणीच्या फॉर्ममधून. "पुरुष / स्त्री" याशेजारी तिसरा रकाना ठेवा आणि टी-शर्ट छातीच्या मापाने द्या, "लेडीज-जेंट्स" असा नको. माणूस जे नाव सांगतो त्याच नावाने हाक मारा. ग्रुपवर टिंगलीचा व्हिडिओ आला तर ॲडमिनने तो तिथेच काढावा आणि का काढला तेही लिहावं. तक्रार कोणाकडे करायची त्या व्यक्तीचं नाव सगळ्यांना माहीत असू द्या, शक्यतो एक बाई आणि एक पुरुष.

आत्ता, आज रात्री कोणाशी तरी बोलायचं आहे.

टेलिमानस ही मानसिक आधाराची सरकारी हेल्पलाइन: 14416, चोवीस तास, मराठीत बोलता येतं. 18 वर्षांखालच्यांसाठी 1098. मोफत कायदेशीर मदतीसाठी 15100. जिवाचं बरंवाईट करावंसं वाटत असेल तर सकाळची वाट पाहू नका, आत्ता फोन लावा. आणि सराव सुटला असेल तर ज्या दिवशी वाटेल त्या दिवशी परत या. सहा वाजता वॉर्मअप सुरू होतो, उशीर झाला तरी चालेल.